हद्दीतलं हृदय

आयडाहो राज्याच्या हद्दीचा फलक दिसला तशी हेमलताने गाडी बाजूला घेतली. पलीकडच्या इस्पितळात त्यांची मुलगी मृण्मयी शेवटच्या घटका मोजत होती, पण शेजारी बसलेल्या तिच्या नवऱ्याला, विनायकरावांना, पुढे जाता येत नव्हतं.

त्यांचं कृत्रिम हृदय मोंटानात बनलं आणि मोंटानातच विकलं गेलं, म्हणून त्याला केंद्राच्या कडक तपासणीतून सूट होती. तपासलेलं हृदय मिळेपर्यंत ते जगलेच नसते. राज्याबाहेर गेलं की ती सूट संपते, म्हणून कंपनीने ते हद्द ओलांडली की थोड्याच वेळात बंद पडेल असंच बनवलं होतं.

"येतो मी. थोडा वेळ तरी चालेल ते," विनायकराव म्हणाले.

"इस्पितळ तासाभरावर आहे," हेमलता म्हणाली. "दोघांनाही आजच स्मशानात पोचवायला लावू नका मला."

ते उतरले आणि त्यांनी दार हलकेच लावलं.

इस्पितळात मृण्मयीने डोळे उघडले. "बाबा कुठंयत?"

"गाडी लावायला जागा शोधतायत."

मृण्मयी दाराकडे बघत राहिली. संध्याकाळी ते उघडे डोळे हेमलतानेच मिटले.