पाच मिनिटांतलं लग्न

रक्ततपासणीच्या लॅबमधली टेक्निशियन या आठवड्यात तिसऱ्यांदा उशिरा पोचली. तिसऱ्या लेटमार्कला मेमो ठरलेला. मोठ्या मॅडम हजेरीपट उघडून बसल्याच होत्या.

"आज काय झालं?"

पंक्चर आणि पाहुणे ही दोन्ही कारणं वापरून झाली होती. शेवटी तिने खरं तेच सांगून टाकलं.

"मॅडम, गजर बंद करून पुन्हा डोळा लागतो ना, त्या पाच मिनिटांत माझ्या उशीवर बोटभर उंचीची माणसं येतात. त्यांच्या घरी लग्न आहे. मी पुरती जागी झाले की सगळी नाहीशी होतात, आणि दुसऱ्या दिवशी बिचाऱ्यांची पहिल्यापासून तयारी. नटून बसलेली नवरी माझ्याकडे असं बघते की उठवत नाही हो. आज तर मी चार वेळा गजर बंद केला. तरी नवरदेवाचा पत्ता नाही."

मॅडमनी हजेरीपट मिटला, उठून दार लोटलं आणि आवाज खाली आणला.

"कसा येईल तो? मी पडले पहिल्या गजराला उठणारी. माझ्या उशीवर त्याचा एक बूट घालून होतो न होतो, तोवर मी उठून बसलेली असते. उद्या आपण दोघीही उशिरा येऊ. पण तुझ्या माणसांना सांगून ठेव, मानपान नीट झाला पाहिजे. आम्ही मुलाकडचे आहोत."