जावयाचा अर्ज

मुलगी जिन्यावरून पडून वारली, तेव्हापासून आईच्या डोळ्यांत जावई सलत होता. त्यात त्याने पोलिसांचा तपास थांबवावा म्हणून कोर्टात अर्ज केला. मग तर तिची खात्रीच पटली.

न्यायाधीशांनी अर्ज फेटाळला. म्हणाले, "तपास हे पोलिसांचं काम आहे. कोर्ट त्यात आडवं येणार नाही."

बाहेर येताच आईने त्याला गाठलं. "जावईबापू, मनात पाप नव्हतं, तर एवढी धडपड कशाला केलीत?"

आईला न्यायला आलेला तिचा धाकटा मुलगा शेजारीच मान खाली घालून उभा होता. त्याच्याकडे बघत जावई हळूच म्हणाला,




"आई, दवाखान्यात नेताना ती एवढंच बोलली, 'भांडणात भावाचा धक्का लागला. आईला कळू देऊ नका.'"