आभार मानायचे नसतात

पडदा उघडण्याआधी हॅम्बुर्गच्या आमच्या थिएटरात शुभेच्छा म्हणून एकमेकांच्या डाव्या खांद्यावर थू थू थू करतात. त्यावर आभार मानायचे नसतात, अपशकुन होतो.

हंगेरीहून आल्यापासून पिरोश्का माझ्या भूमिका गिळत होती. तिच्या परक्या उच्चारांची मी विंगेत नक्कल करायचे आणि सगळे पोट धरून हसायचे.

आज तिचा घसा बसला आणि भूमिका मला मिळाली. तरी शाल गुंडाळून बया आलीच. माझ्या खांद्यावर थू थू थू केलं.

"आभारी आहे हं, बाईसाहेब!" मी टोमणा मारला.

"अगं गेजा, आभार मानलेस?" ती कुजबुजली.

मी प्रवेश केला. पहिलं वाक्य तिच्याच उच्चारांत बाहेर पडलं. दुसरंही. टाळ्या कडाडल्या.

तेवढ्यात विंगेतून, तिच्या शालीआडून, माझा आवाज आला. अस्सल हॅम्बुर्गी. तो माझी नक्कल करत होता आणि सगळे हसत होते.