दलदलीतली पाटी

जर्मनीत रोस्टॉकच्या किनाऱ्यालगत जिथून नवा ऑटोबान महामार्ग जायचा होता, तिथं अजून नुसती दलदल होती. तरी चाचणीसाठी रोवलेली, गाड्यांचा वेग दाखवणारी पाटी रोज दुपारी बाराला एका गाडीची नोंद करी.

"आल्झो, म्हणजे सेन्सर बिघडलाय," ऑफिसातून नीला फोनवर करवादली. "रस्त्याची आखणी तुझी, निस्तर तूच. मुकाट्यानं काढून आण."

यशपाल चिखल तुडवत पाटीसमोर पोचला. आसपास चिटपाखरू नव्हतं. तेवढ्यात पाटीवर लाल आकडा उमटला, ब्याण्णव. मग साठ. मग चौदा. लव्हाळं हललंसुद्धा नाही.

शून्य.

तापलेल्या इंजिनाची धग मागून त्याच्या पोटऱ्यांना लागली. वळून बघायचा धीर होईना. तो हळूच दोन पावलं डावीकडे सरकला.

शून्याचा एक झाला. धगही डावीकडे सरकली.