आधी उत्तर, मग पूर्व

यंत्र ठरलेल्या खोलीच्याही खाली गेलं, तरी पोकळी लागली नाही. वर येत होता तो नुसता ओल्या दगडाचा भुगा. बोअरवाल्या मिस्त्रीनं यंत्र बंद केलं आणि टोपी काढून गुडघ्यावर आपटली.

"बाई, खाली अख्खा दगड आहे. माणसं कुठायत तुमची?"

बाई खाणीच्या मोजणीदार. भुयार ढासळलं तेव्हा सहा जण आत होते, त्यांत बाईंचा धाकटा भाऊ. आतल्या टोकाला एक उंच दालन होतं. चांगली हवा आता फक्त तिथंच उरली होती. बाकी भुयारांत विषारी वायू भरला होता. ऐकायच्या यंत्रावर त्याच दालनातून ठोके आले होते. वरून नेमका तिथं बोअर उतरवायचा, आधी हवा-पाणी सोडायचं, मग भोक मोठं करून एकेकाला वर घ्यायचं, असं ठरलं. बाईंनी फोनवरून मिस्त्रीला बिंदू सांगितला होता : चारशे बारा, एकशे सदतीस.

"आमच्या ताईला नवरा कुठाय विचारा, नकाशावरचे आकडे सांगेल," असं भाऊ खाणीत नव्या माणसांना हसत सांगायचा. "पण तिची खूण चुकायची नाही. डोळे मिटून जा."

"हा बिंदू कसा काढलात?" बाईंनी विचारलं.

"तुम्ही सांगितलात तसाच. खाणीच्या तोंडापासून चारशे बारा मीटर पूर्वेला, एकशे सदतीस मीटर उत्तरेला. शाळेत शिकवतात तसं. आधी आडवा आकडा, मग उभा."

खाणीच्या नकाशावर आधी उत्तर लिहितात, मग पूर्व. आत सगळ्यांना ते इतकं अंगवळणी पडलेलं, की कोणी बोलून दाखवत नाही. मिस्त्री बाहेरचा, विहिरींचे बोअर मारणारा. दोन्ही आकडे बरोबर होते. फक्त क्रम उलटला होता, आणि तेवढ्यानं बिंदू आरशात पडावा तसा पार पलीकडे जाऊन पडला होता.

"यंत्र हलवा," त्या म्हणाल्या. आवाज त्यांचा त्यांनाच ओळखू आला नाही.

भावजय तारेच्या कुंपणापाशी उभी होती. "ताई, काय झालं? यंत्र का काढताहेत?"

"जरा सरकवतोय गं. बस तू."

नव्या जागी बाईंनी खुंटी स्वतःच्या हातानं ठोकली. मिस्त्रीला दोन्ही आकडे दिशांसकट दोनदा म्हणायला लावले. यंत्र थांबवून कान लावले, तर ठोके येत नव्हते. दमले असतील, मिस्त्री म्हणाला. त्याच्याकडे न बघता बाईंनी मान हलवली.

ठरलेल्या खोलीवर दांडा एकदम सैल झाला.

"लागली!" मिस्त्री ओरडला. "पोकळी लागली, बाई! हातभरही फरक नाही!"

कुंपणापाशी लोक एकमेकांच्या गळ्यात पडले. आतल्या हवेचा नमुना वर आला. हवा चांगली होती. माणूस अजून कितीतरी दिवस जगेल, इतकी चांगली.

कॅमेरा खाली सोडला. भावजय बाईंच्या खांद्यामागून पडद्यावर वाकली. "दिसताहेत का? ताई, सांगा ना, बसलेत का सगळे?"

उजेड दालनात सावकाश फिरला. दुमडून ठेवलेलं एक जाकीट. अर्धी भरलेली पाण्याची बाटली. माणूस एकही नाही.

मग भिंत आली. भिंतीवर खडूनं एक सरळ रेघ ओढली होती आणि तिच्या टोकाला बाण. बाण दालनाबाहेर, खालच्या भुयाराकडे रोखलेला. ती रेघ कुठल्या बिंदूत जाते हे कळायला बाईंना नकाशा लागला नाही. खाली भावाचं अक्षर होतं :

"यंत्राचा आवाज तिकडून येतोय. ताईची खूण चुकायची नाही. सगळे निघालोय."