कारणाचा कोड

"बाहेरची थंडी लिहा की. तुमच्या बापाचं काय जातंय?" कारखान्याचा माणूस टेबलावर वाकून म्हणाला.

"माझ्या बापाचं काही जात नाही. तिची तीन बोटं जातायत," कोडवाली म्हणाली.

रेकॉर्डरूममध्ये तिला सगळे फौजदारीण म्हणत. हॉस्पिटलच्या तळघरातल्या त्या खोलीला खिडकी नव्हती. पेशंट तिथे कधी यायचा नाही, यायची ती फक्त त्याची फाइल. पेशंट मेला तरी फाइल जिवंत असायची. डॉक्टरांचं लिखाण वाचायचं आणि प्रत्येक दुखण्याला ठरलेला कोड लावायचा, हे तिचं काम. कागदावर नाही ते घडलंच नाही, हा तिथला नियम.

ही फाइल हिमदंशाची होती. बाईचा उजवा हात, तीन बोटं काळी पडलेली, मनगटाच्या वर एक आडवा, सरळ वळ. इजेचा कोड तिने मिनिटात लावला. अडलं ते कारणाच्या कोडवर. थंडी निसर्गाची असेल तर एक कोड, यंत्राची असेल तर दुसरा. बाई गोठवलेल्या मटारच्या कारखान्यात कामाला. यंत्राची थंडी लागली तर कारखान्याला जाब द्यावा लागणार. निसर्गाची लागली तर बाईचं नशीब. आणि डॉक्टरांनी नुसतं 'थंडीने' एवढंच लिहिलेलं.

"ती कोल्डरूममध्ये जातच नाही हो," तो माणूस काकुळतीला आला. "बाहेर पिशव्यांना लेबलं चिकटवते."

"हो का? मग लेबलं बर्फाची असतील."

शेजारच्या टेबलावरचा टायपिस्ट फिस्सकन हसला. तो माणूस तणतणत निघून गेला. पाणी कुठं मुरतंय, ते फौजदारणीला कळलं.

तिने डॉक्टरांना जिन्यातच गाठलं.

"थंडी कुठली, ते लिहा."

"बाई तोंडच उघडत नाही. सगळं नवराच बोलतो. कोल्डरूममध्ये अडकली म्हणतोय."

"नोकरी जाईल म्हणून गप्प असेल. नवरा सांगतोय ना? लिहा मग."

"आणि हा वळ?"

"कोल्डरूमच्या दाराचा. दुसरा कशाचा असणार?"

डॉक्टरांना ऑपरेशनची घाई होती. त्यांनी जिन्याच्या कठड्यावर फाइल टेकवून लिहून दिलं.

संध्याकाळी विभागप्रमुख येऊन उभे राहिले. "फौजदारीणबाई, वरून फोन आलाय."

"कोड कागदावरून लागतो साहेब, फोनवरून नाही," ती म्हणाली, आणि त्यांच्यासमोरच यंत्राच्या थंडीचा कोड टाकून फाइल बंद केली.

दोन दिवसांनी त्या बाईचा नवरा खाली आला. हात जोडून दारातच उभा. "ताई, तुम्ही होतात म्हणून. नाहीतर आमच्यासारख्यांचं कोण ऐकतं?" थर्माकोलच्या पेटीतून त्याने आइस्क्रीमचे कप काढले. "लाजू नका, माझी एजन्सीच आहे. माल घरीच फ्रीझरमध्ये असतो."

सगळ्यांनी खाल्लं. विभागप्रमुखांनी तर दोन कप संपवले. इतक्या वर्षांत तिचे आभार मानायला त्या खोलीत कोणी आलं नव्हतं. तिने कप चाटूनपुसून खाल्ला.

पुढच्या आठवड्यात एक बाई दारात दिसली. उजवा हात कोपरापर्यंत बँडेजमध्ये.

"कारणाचा कोड तुम्हीच लावलात?"

"तुम्ही होय! या, बसा. आता घाबरायचं नाही. कारखाना तुमचं काही वाकडं करू शकत नाही."

"तो बदलता येईल का?"

"बदलायचा?" फौजदारीण ताडकन उठली. "धमकी दिली का त्यांनी?"

"नाही." बाई बसली नाही. "आत्ता पोलिसांकडून येतेय. ते म्हणाले, हॉस्पिटलच्या कागदावर कोल्डरूम आहे. कागदावर नाही ते घडलंच नाही. आता घरी जा."

"मग बरोबरच आहे की!"

"मी कोल्डरूममध्ये कधी पाऊल ठेवलेलं नाही, ताई."

टायपिस्टची बोटं थांबली.

"तुम्ही सगळ्यांनी आइस्क्रीम खाल्लंत म्हणे. त्याच फ्रीझरमध्ये होता माझा हात. पाऊण तास. झाकणावर तो बसला होता."