घरात कोन बोलून राह्यलं?

घरात पुरुषाचा आवाज होता.

जानराव दारासमोर थबकला. व्यापाऱ्यांनी रिसोडचा बाजार अचानक बंद ठेवला म्हणून तो दुपारच्या यष्टीनंच रिठदला परतला होता. एरवी दिवस बुडाल्याशिवाय तो घरी येत नसे. दार आतून लावलेलं. आत कुणीतरी खड्या आवाजात म्हणालं, "अंजने, ये, जेव." मग तेच शब्द पुन्हा आले, पण इतके हळू, जसं कुणी कानाशी कुजबुजावं.

जानरावाच्या डोक्यात तिडीक गेली. त्यानं चपला काढल्या आणि कान दाराला लावला. बांगड्या वाजल्या. त्याची बायको भागिरथा हसली. लग्नाला चौदा वर्षं झाली होती, पण त्याच्यासमोर ती अशी हसल्याचं त्याला आठवेना. परत तो माणूस बोलला, "अंजने, ये, जेव." भर दुपारी दार लावून आपल्या पोरीला हाक मारणारा हा कोण?

त्यानं दारावर लाथ घातली. कडी निखळून पडली.

आत पुरुष नव्हता. भागिरथा दचकून उभी राहिली. चटईवर शाळेतल्या ललिताबाई बसल्या होत्या. त्यांच्यासमोर एक काळा डबा होता आणि त्या डब्याला गाल लावून आठ वर्षांची अंजना वाकली होती.

"कोन होता?" जानराव गरजला. "कुठं लपवला?"

अंजनानं दोन्ही कान दाबले. कोपऱ्यात जाऊन ती भिंतीकडं तोंड करून डुलायला लागली.

हे रोजचंच होतं. पोर आजवर कुणाशी एक शब्द बोलली नव्हती, कुणाच्या डोळ्यात पाहत नव्हती. पण बापाची तिला जास्तच दहशत. जानराव बाजारात धान्याच्या लिलावाची बोली पुकारायचा. गलबल्यातही त्याचा आवाज शेवटच्या बैलगाडीपर्यंत पोचायचा, आणि त्याला त्याचा अभिमान होता. तोच आवाज घरात शिरला की पोर कोपरा गाठायची.

"कोनी नाई बाप्पा," भागिरथा म्हणाली. "तुमीच होते."

"मी भाईर उभा, अन् अंदर बी मीच?"

ललिताबाईंनी डब्याचं बटन दाबलं. "अंजने, ये, जेव."

जानराव ऐकतच राहिला. एवढा दरडावणारा? एवढा चिरका? "हा मी नाई," तो म्हणाला.

"आपला आवाज आपल्यालाच ओळखू येत नाही, भाऊ," ललिताबाई म्हणाल्या. "हा टेपरेकॉर्डर आहे. माझ्या भावानं मुंबईहून पाठवला. परवा तुम्ही पोरीला जेवायला बोलावत होता, तेव्हा भागिरथाबाईंनी भरून घेतला."

"मले न इचारता?"

"इचारलं असतं त भरू देला असता का तुमी?" भागिरथा म्हणाली.

ललिताबाईंवर जानरावाचा आधीपासूनच भरवसा नव्हता. गेल्या महिन्यात त्यांनी पोरीच्या सगळ्या सवयी वहीत लिहून नेल्या होत्या. अशा पोरींना नागपूरला नेऊन कोंडतात, असं गावात कुणीतरी म्हणालं होतं. आता दार लावून हा डबा.

"कोनाले आयकवता हे?" तो म्हणाला. "पोर पागल हाय म्हनून कागद करून राह्यले का तिचा? माही पोर कुठीच जानार नाई, सांगून ठेवतो!"

"कुठंच न्यायची नाही. जरा गप बसून पाहा फक्त."

त्यांनी बटन दाबलं. जानरावाचा आवाज खोलीभर झाला. अंजना कोपऱ्यातून वळली. कडेकडेनं आली. डब्यावरचं गोल बटन तिनं दोन बोटांत धरून उलटं फिरवलं. आवाज उतरला. मग तिनं गाल डब्याला टेकवला आणि डोळे मिटले.

जानराव खाली बसला. "तुमी शिकवलं असन तिले."

"शिकवलं नाई," भागिरथा म्हणाली. "माहा आवाज बी भरला व्हता. शाळेतल्या पोरींची गानी बी. ते लावली का काढून फेकते. हेच पाह्यजे तिले."

त्याला ते पटलं नाही. त्यानं बाईंकडून कॅसेट बदलून घेतली. डब्यातून भागिरथा बोलायला लागली. अंजनानं झाकण उघडलं, कॅसेट काढून बाजूला टाकली, चटईवर शोधून बापाची लावली. तेवढ्यात जानरावानं ते गोल बटन स्वतःच शेवटपर्यंत फिरवलं. घर दणाणलं. पोरीचं अंग आखडलं, पण ती पळाली नाही. तिनं त्याचं बोट धरलं, बटनावरून बाजूला सारलं आणि आवाज पुन्हा उतरवला.

जानराव आपल्या बोटाकडं पाहत राहिला. तिनं आपण होऊन त्याला कधी हात लावला नव्हता.

"बंद करा," तो बाईंना म्हणाला.

डबा बंद झाला. जानराव सरकून भिंतीला टेकला. घसा खाकरला. "अंजने, ये, जेव." आवाज खाली आणायला गेला तर तो घोगरा निघाला. पोरीचे हात कानांकडं गेले. भागिरथानं तोंडावर पदर धरला. जानराव थांबला. पुन्हा म्हणाला, आणखी हळू.

पोरीचा एक हात खाली आला.

ती उठली. त्याच्या खांद्यापलीकडच्या भिंतीकडं पाहत जवळ आली. त्याच्या सदऱ्याचं गळ्याशी असलेलं बटन तिनं दोन बोटांत धरलं आणि हलकेच उलटं फिरवलं.

"आजून?" जानरावानं विचारलं. त्याचे फक्त ओठ हलले.